सेटिंग झालं, सेटिंग लावली

सांगलीच्या विश्रामबागेत आम्ही राहतो त्या इमारतीतील एका मुलीची यंदा सरळसेवा परीक्षेतून सरकारी नोकरीसाठी निवड झाली. यादी लागली त्या संध्याकाळी ती पेढ्यांचा पुडा घेऊन एकेका दाराशी जात होती आणि मी भाजीची पिशवी घेऊन जिना चढत होते. जिन्याच्या तोंडाशी रोज खुर्ची टाकून बसणाऱ्या एका वयस्क गृहस्थांनी पेढा घेतला, तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि अगदी मायेने विचारले, “भले! सेटिंग कुणाकडनं लावलीस गं?” ती म्हणाली, “आजोबा, गुणवत्ता यादीत नाव आहे माझं.” “ते असंल की. पण सेटिंगबिगर कुठं काय होतंय आजकाल?” असे म्हणून त्यांनी नातवासाठी आणखी एक पेढा उचलला. मुलगी हसली, पुड्यावरचा कागद तिने नीट केला आणि ती पुढच्या दाराकडे वळली. त्या गृहस्थांच्या बोलण्यात हेवा नव्हता, टोमणाही नव्हता. त्यांना तिचे खरोखर कौतुक वाटत होते आणि सेटिंग हा त्या कौतुकाचाच भाग होता. पोरीने परीक्षाही दिली आणि सेटिंगही लावली, म्हणजे पोर हुशार. मला ते लागून राहिले ते नेमके याच कारणाने. आकसाने विचारलेल्या प्रश्नाला उत्तर देता येते. मायेने विचारलेल्या या प्रश्नाला तिने काय उत्तर द्यायचे होते?

मी कनिष्ठ महाविद्यालयात इंग्रजी शिकवते. ‘सेट’ हा शब्द मला कधी शिकवावा लागत नाही, मुले तो घरूनच घेऊन येतात. सांगलीत एखादा दिवस नुसते कान उघडे ठेवून फिरले तरी तो किती ठिकाणी भेटतो ते कळते. गणपती पेठेतल्या भांड्यांच्या दुकानात रुखवतासाठी डिनर सेट बघणाऱ्या बायका असतात. व्यायामशाळेतून घामाने निथळत बाहेर पडलेली पोरे आज किती सेट मारले ते एकमेकांना सांगत असतात. कृष्णेच्या काठावर पुराचे पाणी चढू लागले की पहिली धावपळ उडते ती पंपसेट वर काढण्याची. मिरजेला दातांच्या डॉक्टरांकडे गेलेल्या माझ्या मावशीने परत आल्यावर नवा सेट बसवल्याचे सांगितले, तेव्हा तिला कवळी म्हणायचे होते. आमच्या प्राध्यापक कक्षात नेट-सेट हा जोडशब्द दिवसातून कितीदा तरी उच्चारला जातो. तो सेट म्हणजे प्राध्यापक होण्यासाठीची राज्य पात्रता परीक्षा, म्हणजे आद्याक्षरे जुळवून झालेला, मूळ शब्दाशी काही नाते नसलेला सेट. नववीच्या गणितात पहिलेच प्रकरण संचाचे आहे, आणि सेमी-इंग्रजीच्या मुलांसाठी तेच प्रकरण ‘सेट्स’ असते. आणि वर्गात काही समजावून सांगितल्यावर मागच्या बाकावरून उत्तर येते, “सेट आहे, मॅडम!” हे शेवटचे मला फार आवडते. त्यात समजले आहे, पटले आहे आणि आता पुढे चला, असे सगळे एका दमात येते. बोलीभाषेवर पहारा करणाऱ्यांपैकी मी नाही. तरुण मुलांच्या तोंडी एखादा परका शब्द असा आपला होऊन खेळू लागला की मला शिक्षक म्हणून आनंदच होतो.

तरीही त्या संध्याकाळनंतर मी कोश उघडला. इंग्रजीत या तीन अक्षरी शब्दाने कोशकारांना जेवढे राबवून घेतले तेवढे क्वचितच दुसऱ्या कुणी घेतले असेल. ऑक्सफर्डच्या मोठ्या इंग्रजी कोशाची दुसरी आवृत्ती 1989 मध्ये निघाली, तेव्हा तिच्यातली सर्वांत लांब नोंद ‘सेट’ची होती. सुमारे 60,000 शब्दांची ही नोंद, आणि तिच्यात एकट्या क्रियापदाचे 430 अर्थ. पुढे तिसऱ्या आवृत्तीच्या कामात ‘रन’ या क्रियापदाने 645 अर्थांपर्यंत मजल मारून त्याला मागे टाकले. एवढ्या मोठ्या नोंदीत आपण हरवून जाऊ असे वाटते, पण थोडा वेळ धीर धरून वाचत राहिले की एक धागा हाती लागतो. ‘सेट’ हे मुळात ‘सिट’चे प्रयोजक रूप आहे. सिट म्हणजे बसणे, सेट म्हणजे बसवणे. मराठीत पडणे-पाडणे, निजणे-निजवणे अशा जोड्या आपण विचारही न करता घडवत जातो. इंग्रजीत अशा जोड्या आता मोजक्याच उरल्या आहेत, आणि सिट-सेट ही त्यांतली एक. हेच मूळ संस्कृतात ‘सद्’ धातूच्या रूपाने आले आहे. सदन, परिषद, संसद, उपनिषद ही सारी बसण्याची घराणी. मिरजेत सतारीवर पडदे बसवणाऱ्या कारागिराच्या कानात दिवसभर घुमणारा निषाद स्वर, त्याच्या नावातही तोच धातू आहे. डिनर सेटमधला सेट मात्र वेगळ्या वाटेने आला. तो जुन्या फ्रेंचमधून, लॅटिनच्या ‘सेक्टा’पासून, म्हणजे कुणाच्या तरी मागे जाणाऱ्यांचा समूह या अर्थावरून आलेला आहे. पुढे दोघे एकाच वेषात फिरू लागले आणि त्यांचे अर्थ एकमेकांत मिसळले.

मग मी मराठीतल्या ‘बसणे’कडे नव्याने पाहू लागले. हा आपला शब्द ‘उपविश्’पासून आलेला, म्हणजे ‘सद्’शी त्याचे रक्ताचे नाते नाही, पण त्याने केलेला प्रवास ‘सेट’च्या प्रवासाशी फार जुळतो. निखळलेले हाड बसवतात, गणपती बसवतात, नवरात्रात घट बसतात, संसाराची घडी बसते, कुणाचा कुणाशी मेळ बसतो, नाटक बसवतात, आणि मुले परीक्षेला बसतात. यातल्या प्रत्येक बसण्यात काही काळ जावा लागतो. इंग्रजी ‘सेट’नेही बसवण्याचा अर्थ न सोडता हळूहळू आपोआप बसण्याचा अर्थ घेतला. सूर्य सेट होतो, सिमेंट सेट होते. सिमेंटच्या बाबतीत तर भारतीय मानकाने वेळ ठरवून दिली आहे; साध्या पोर्टलंड सिमेंटचा सेट होण्याचा आरंभ 30 मिनिटांच्या आत होता कामा नये आणि शेवट 600 मिनिटांच्या पुढे जाता कामा नये. अभियांत्रिकीची मुले प्रयोगशाळेत व्हिकॅटच्या उपकरणाची सुई त्या लगद्यात सोडून ती किती आत जाते ते बघत बसतात. आमच्या इमारतीचा स्लॅब पडला तेव्हा गवंडी त्यावर कुणाला पाय ठेवू देत नव्हता आणि “अजून सेट हुतंय” एवढेच सांगत होता. त्याच्या तोंडचा सेट आणि कोशातला सेट यांत तसूभरही फरक नव्हता.

पण त्या शब्दाचा खरा मुक्काम आमच्या जिल्ह्यात द्राक्षबागेत आहे.

माझे माहेर तासगाव तालुक्यात. ऑक्टोबर छाटणी झाली की काही दिवसांत काडीवर डोळे फुगतात, फुटी निघतात, फुटींबरोबर घड दिसू लागतात, आणि मग काही आठवड्यांनी सगळी बाग फुलोऱ्यात येते. द्राक्षाचे फूल ज्याने पाहिले नाही त्याला ते दाखवूनही पटत नाही. पाकळ्या उमलत नाहीत, त्या एकमेकींना चिकटलेल्याच असतात आणि हिरव्या टोपीसारख्या बुडातून सुटून गळून पडतात. उरतात ते केसांसारखे केसर आणि मधोमध टाचणीच्या डोक्याहून लहान असा हिरवा ठिपका. सकाळी दव असताना ओळीतून चालले तर एक मंद गोडसर वास येतो. तो फुलांचा आहे हे माहीत असल्यावाचून लक्षातही येत नाही. या दिवसांत माझा भाऊ फारसे बोलत नाही. फोनवर हवामानाचे अंदाज बघतो, आभाळाकडे बघतो, ओळीत शिरून एक घड हातावर घेतो, दुसऱ्या हाताने हलकेच टिचकी मारतो आणि काय गळले ते तळहातावर बघतो. किती फुले गळणार आणि किती मणी धरणार हे आता ठरायचे असते. त्यालाच तो आणि त्याच्यासारखे सगळे बागायतदार ‘मणी सेटिंग’ म्हणतात. थॉमसनसारख्या बिनबियांच्या जातीतही फलन व्हावे लागते. बी धरू लागते आणि अर्ध्यातच तिची वाढ थांबते, पण मण्याला फुगायला तेवढा आधार पुरतो. ज्या फुलाचे हे जमले नाही ते गळून जाते. सगळीच फुले धरली तर घड इतका गच्च होईल की मणी एकमेकांना दाबून फुटतील, म्हणून काही गळणेही हवे असते. मात्र याच दिवसांत पाऊस लागला की हिशेब पार उलटतो. 2019 च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात लागलेला पाऊस आमच्याकडे कुणी विसरलेले नाही. डावणी रोगाने पाने तेलकट डागांनी भरली, फुलोऱ्यातले घड कुजले, आणि औषध फवारायला ट्रॅक्टर आत घालावा तर बागेत चाके रुतत होती.

भाऊ फोनवर सांगतो, “सेटिंग चांगलं झालंय.” कधी सांगतो, “वरच्या प्लॉटला सेटिंग झालं न्हाई गं.” हे ऐकत मी लहानाची मोठी झाले, आणि तरीही त्यातली एक गोष्ट मला त्या जिन्याखालच्या संभाषणानंतरच ऐकू आली. बागेत सेटिंग होते. शहरात ती लावतात. आमच्या घरात तरी बागेतले सेटिंग नपुंसकलिंगी आहे, ‘सेटिंग झालं’. आणि गावातली, कचेरीतली, परीक्षेतली सेटिंग स्त्रीलिंगी आहे, ‘सेटिंग लावली’. शब्द एकच, आणि त्याच्यामागे उभे राहणारे क्रियापद वेगळे. त्या क्रियापदाने सगळा अर्थ फिरवला आहे. बागायतदाराने वर्षभर काय केले नाही? एप्रिलची खरड छाटणी केली, उन्हाळ्यात टँकरने पाणी घातले, काडी तयार केली, ऑक्टोबरला छाटले, पेस्ट लावली, विरळणी केली, जीएच्या, म्हणजे जिबरेलिक आम्लाच्या, द्रावणात घड बुडवले, पहाटे उठून फवारले. इतके सगळे त्याने स्वतः केले, आणि शेवटच्या गोष्टीला मात्र तो ‘केलं’ म्हणत नाही, ‘झालं’ म्हणतो. आपल्या कष्टाची किंमत त्याला ठाऊक नाही असे नव्हे. कष्टांपलीकडे एक जागा आहे आणि तिथे आपला हात पोहोचत नाही, हे तो बोलता बोलता मान्य करून टाकतो. त्याला इंग्रजी कोशातली नोंद कुणी वाचून दाखवलेली नाही. फळ धरणे हा अर्थ तिथे आहे, आणि तासगावच्या ओळींमधून तोच अर्थ इतक्या काटेकोरपणे वापरला जातो की परीक्षकाला पूर्ण गुण द्यावे लागतील.

लावलेल्या सेटिंगमध्ये याच्या बरोबर उलटे घडते. तिथे केलेले काहीच नसते, पण सगळे ठरलेले असते. फळ आधी ठरते, फुलोरा नंतर दाखवण्यापुरता आणतात.

हा व्यवहार नवीन आहे असे मी म्हणणार नाही. आपल्याकडे वशिला होता. अरबीतून आलेला हा शब्द, मूळ अर्थ साधन, माध्यम. वशिला म्हटले की त्यात एक माणूस दिसतो. कुणाचा तरी वशिला असावा लागतो. ज्याचा लावला त्याचे ऋण राहते, दिवाळीला त्याच्या घरी जावे लागते, त्याच्यासमोर मान जरा खाली ठेवावी लागते. लाच म्हटले की गुन्हा दिसतो. संगनमत म्हटले की कोपऱ्यात कुजबुजणारे दोघे-तिघे दिसतात. आणि कुस्तीच्या या मुलखात एक फार नेमका शब्द होता: नुरा. आधी ठरवून, एकमेकांना सांभाळून केलेली कुस्ती ती नुरा कुस्ती. हिंदकेसरी मारुती माने यांच्या कवठेपिरानच्या या जिल्ह्यात यात्रेच्या मैदानात बसलेल्या म्हाताऱ्यांना दोन पैलवानांनी सलामी घेतल्यावर काही क्षणांत कळायचे की कुस्ती निकाली होणार की नुरा आहे. माझे आजोबा धोतराचा सोगा सावरत उभे राहून “नुरा हाय, नुरा हाय!” असे ओरडल्याचे मला आठवते, आणि त्यांच्या मागे सगळे मैदान ओरडू लागले होते. पंचांना कुस्ती सोडवावी लागली. इंग्रजीलाही असा शब्द लागला होताच. अमेरिकी बोलीत मुद्दाम सोप्या ठेवलेल्या लढतीला ‘सेटअप’ म्हणतात. मला महत्त्वाचे वाटते ते हे की नुरा हा शब्द ओरडायचा होता. तो आरोप होता, तो जाहीरपणे करायचा होता, आणि ज्याच्यावर तो झाला त्याला गावात तोंड दाखवणे अवघड व्हायचे. ‘सेटिंग’ ओरडता येत नाही. त्यात वशिल्यातला माणूस नाही, लाचेतला गुन्हा नाही, नुऱ्यातला आरोप नाही. मोबाइलमध्ये आवाज कमी-जास्त करायला आपण ज्या पानावर जातो त्यालाही सेटिंगच म्हणतात, आणि त्या निरुपद्रवी शब्दाचा स्वच्छपणा या व्यवहारालाही आयता मिळाला आहे. म्हणून त्या गृहस्थांना तो शब्द एका मुलीच्या डोक्यावर हात ठेवून उच्चारता आला. “लाच कुणाला दिलीस गं?” असे त्यांनी जन्मात विचारले नसते.

‘लावणे’ या क्रियापदावर मी राग धरला आहे असे वाटेल, म्हणून हे सांगितले पाहिजे की सांगलीत सेट लावणे हे फार मानाचे काम आहे. 5 नोव्हेंबर 1843 रोजी याच गावात, चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धनांच्या आश्रयाने, विष्णुदास भाव्यांनी ‘सीता स्वयंवर’ हे नाटक केले, आणि तो दिवस आपण मराठी रंगभूमी दिन म्हणून पाळतो. त्या नाटकांत आजच्या अर्थाने सेट नव्हता. सूत्रधार पदे गाऊन कथा पुढे नेत असे आणि अरण्य, राजवाडा, युद्धभूमी हे सारे प्रेक्षकांनी त्या गाण्यातून आपल्या डोळ्यांपुढे उभे करायचे असे. आता विष्णुदास भावे नाट्यमंदिरात स्पर्धेच्या दिवसांत दुपारी गेले तर हातोड्यांचे आवाज येत असतात, ओल्या रंगाचा आणि प्लायवुडच्या भुशाचा वास दरवळत असतो, आणि बॅकस्टेजची मुले खिळे तोंडात धरून फ्लॅट, म्हणजे भिंतींच्या चौकटी, उभे करत असतात. माझे काही विद्यार्थी त्यांत असतात. वर्गात कधी न बोलणारा मुलगा तिथे अधिकाराने सांगत असतो की खिडकी इथे नको, उजेड अडेल. तिसऱ्या घंटेनंतर पडदा वर जातो आणि ती लाकडी भिंत आपण घराची भिंत म्हणून स्वीकारतो. या खोटेपणात फसवणूक नाही, कारण भिंत खोटी आहे हे तिकीट काढतानाच आपल्याला माहीत असते, आणि नाटक संपले की ती मुले आपल्यादेखत ती सोडवू लागतात. लावलेला सेट आणि लावलेली सेटिंग यांत मला दिसतो तो फरक हा आहे. एक दाखवण्यासाठी लावलेला असतो, दुसरी लपवण्यासाठी.

या शब्दाची आणखी एक तऱ्हा आहे आणि तिच्याविषयी लिहिताना मला जास्त त्रास होतो. मुलगा सेट आहे का, असे आता मुलीकडचे लोक विचारतात. सेट म्हणजे नोकरी, शक्यतो पुण्याला, शक्यतो स्वतःचा फ्लॅट. यात ‘सेटल’ या शब्दाचा शेवट गळून पडला आहे आणि उरलेला भाग ‘सेट’मध्ये विरघळून गेला आहे. माझ्या माहेरच्या गल्लीत चांगली बाग असलेली, देखणी, निर्व्यसनी, पदवी झालेली मुले तिशी ओलांडून बसली आहेत, कारण ती सेट नाहीत. मध्यस्थ स्पष्ट सांगतात की शेती असावी, पण मुलगा शेतात नसावा. भावाच्या शेजारच्या बागेतल्या मुलाचे एक स्थळ असेच परत गेले, तेव्हा त्याच्या आईने चहाचे कप उचलता उचलता म्हटलेले वाक्य माझ्या मनातून जात नाही: “बागंचं सेटिंग बघून माणसं लांबनं लांबनं येत्यात की वो, पण पोरगं काय सेट म्हणंनात.” त्या माउलीने शब्दाशी खेळ केला नव्हता. तिला दोन्ही अर्थ सारखेच खरे होते आणि दोन्ही तिच्या घरात एकाच वेळी राहत होते. दुसरीकडे माझ्या जुन्या विद्यार्थ्यांपैकी एक जण सेट परीक्षा उत्तीर्ण होऊन तासिका तत्त्वावर दोन गावांत शिकवतो, एसटीच्या वेळापत्रकावर त्याचे आयुष्य चालते. त्याच्या घरीही विचारतात, सेट कधी होणार.

पेढे वाटणाऱ्या त्या मुलीला मी दुसऱ्या दिवशी गच्चीवर कपडे वाळत घालताना गाठले आणि विचारले, अभ्यासाला कुठे बसायचीस? तेव्हा ती जी बोलू लागली ती थांबेना. अभ्यासिकेतली तिची जागा खिडकीपासून लांब होती, कारण खिडकीजवळच्या जागांचे पैसे जास्त. पंखा कुणाच्या बाजूला फिरवायचा यावरून होणारी कुरकुर, पाठीत भरणारी कळ, चणे-फुटाण्यांवर काढलेली दुपार, आधीच्या एका परीक्षेत थोडक्या गुणांनी हुकलेले नाव, आणि एक परीक्षा गडबडीमुळे रद्द झाल्यावर अभ्यासिकेत पसरलेली शांतता. पेपर फुटल्याच्या बातम्या आपण सगळ्यांनीच वाचल्या आहेत. त्या गृहस्थांचा संशय आभाळातून पडलेला नाही, हे तिलाही ठाऊक होते आणि तिने तसे बोलूनही दाखवले. “त्यांचं चूक म्हणता येत नाही मॅडम, पण मग माझं काय राहिलं?” असे ती म्हणाली. मला वाटते, लावलेल्या सेटिंगचे सर्वांत मोठे नुकसान इथे आहे. ज्याने ती लावली त्याचे काम होऊन जाते. भरपाई मात्र त्याच परीक्षेला प्रामाणिकपणे बसलेल्या प्रत्येक मुलाला करावी लागते, कारण त्याच्या यशाचे नावही आता तेच पडलेले असते. बसून मिळवलेले आणि बसवून घेतलेले यांतला भेद बोलण्यातूनच पुसला गेला, तर तो भेद राखण्यासाठी खिडकीपासून लांब बसणाऱ्या मुलीच्या हाती काय उरते?

म्हणून मला एक काम व्हावेसे वाटते. दाते आणि कर्वे यांच्या ‘महाराष्ट्र शब्दकोशा’चे सात विभाग 1932 ते 1938 या काळात निघाले. त्याच्याही शंभर वर्षे आधी, 1831 मध्ये, मोलेसवर्थचा मराठी-इंग्रजी कोश आला होता आणि 1857 मध्ये त्याची वाढवलेली आवृत्ती. यांनी शेतातले, माजघरातले, बाजारातले शब्द शास्त्री-पंडितांच्या मदतीने गोळा केले, म्हणून आज आपल्याला औताच्या एकेका भागाचे नाव सापडते. ऑक्सफर्डच्या कोशासाठी तर सामान्य वाचकांनी घरी बसून कागदाच्या चिठ्ठ्यांवर वाक्ये उतरवून पाठवली होती, आणि अर्थ जुन्याकडून नव्याकडे या क्रमाने लावायचे अशी त्या कोशाची शिस्त आहे. मराठीचा पुढचा मोठा कोश जेव्हा होईल तेव्हा त्यात ‘सेटिंग’ची नोंद येणारच, यायलाच हवी, आणि ती करणाऱ्यांनी मुंबई-पुण्याच्या वर्तमानपत्रांतल्या कात्रणांवर थांबू नये. नोव्हेंबरात तासगावला यावे, आटपाडीला डाळिंबाच्या बागांत जावे. तिथेही हाच शब्द याच अर्थाने चालतो. बागायतदारांची वाक्ये त्यांच्याच बोलीत उतरवून घ्यावीत. पहिला अर्थ नपुंसकलिंगी द्यावा, फुलोऱ्यानंतर फळ धरणे, आणि त्याखाली माझ्या भावाचे वाक्य उदाहरण म्हणून द्यावे: “औंदा फुलोऱ्यात पाऊस न्हाई, सेटिंग बेस झालंय.” दुसरा अर्थ स्त्रीलिंगी. तोही गाळू नये, सौम्य करू नये, आधी ठरवून घेतलेला निकाल असे स्पष्ट लिहावे आणि त्याच्यापुढे कंसात छापावे: पाहा, नुरा.